एरणचा गुरुवार

रत्नागिरी जिल्ह्यातल्या मुरूडचे शंकर बाळकृष्ण दीक्षित (1853–1898) पेशानं शिक्षक होते. आधी मराठी शाळांत शिकवलं, पुढे धुळ्याला आणि शेवटी पुण्याच्या ट्रेनिंग कॉलेजात. विद्यापीठाची पदवी नव्हती, हाताशी वेधशाळा नव्हती, आणि आयुष्य उणंपुरं 44 वर्षांचं. तरी 1896 या एकाच सालात त्यांची दोन पुस्तकं निघाली. पुण्यात मराठीतून ‘भारतीय ज्योतिषशास्त्र’ आणि लंडनमध्ये रॉबर्ट स्यूएल यांच्या जोडीनं इंग्रजीतून ‘द इंडियन कॅलेंडर’. पहिल्यात वेदकाळापासून थेट त्यांच्या समकालीन पंचांगकर्त्यांपर्यंतचा या शास्त्राचा इतिहास आहे. दुसऱ्यात इ.स. 300 ते 1900 या सोळाशे वर्षांतली हिंदू किंवा हिजरी मिती ख्रिस्ती तारखेत बदलून घेण्याची कोष्टकं आहेत. या देशाच्या भूगोलाचा नकाशा काढायला सरकारनं अख्खं खातं उभं केलं होतं. काळाचा नकाशा मात्र या माणसानं शाळा सांभाळून काढला. त्या नकाशावर किती भरवसा ठेवायचा, असा इथला प्रश्न आहे. आपलं मत मांडण्याआधी विरोधकाचं मत पुऱ्या ताकदीनं मांडावं, ही आपल्या शास्त्रग्रंथांची रीत इथं पाळली आहे. पूर्वपक्ष आकडेमोडीला दबकून असलेल्या इतिहासकाराचा, उत्तरपक्ष माझा. पूर्वपक्ष पाडण्यासाठी उभा केलेला नाही; त्याच्या पदरातही काही पडणार आहे.

पूर्वपक्ष : तुमच्या दीक्षितांच्या विद्वत्तेबद्दल मला शंका नाही, शंका आहे ती त्यांच्या पद्धतीबद्दल. शिलालेखावर किंवा ताम्रपटावर काय असतं? कुठल्या तरी संवताचा आकडा, महिना, पक्ष, तिथी आणि क्वचित वार. आता हे वर्ष गत (पुरं झालेलं) धरायचं की वर्तमान (चालू)? ते चैत्रात सुरू होतं की कार्तिकात? महिना अमावास्येला संपतो की पौर्णिमेला? त्या वर्षी अधिक मास होता का? यातलं काहीच कोरणारा सांगत नाही. मग गणित करणारा एकेक पर्याय लावून बघतो, वार जुळला की थांबतो आणि ‘तारीख सिद्ध झाली’ असं लिहितो. वार सातच आहेत. चार पर्याय लावून पाहिले तर निव्वळ योगायोगानं एखादा जुळण्याची शक्यता जवळजवळ निम्मी होते. एवढ्या सैल पायावर तुम्ही ‘21 जून 484’ अशी दिवसापर्यंतची तारीख छापता. ही अचूकता आकडेमोडीची आहे, पुराव्याची नव्हे.

उत्तरपक्ष : हिशेब तुमचा बरोबर आहे, आणि एकट्या सुट्या तिथीपुरता तो मला पूर्ण मान्य आहे. पण तुम्ही जी तारीख काढलीत तिचीच गोष्ट पुढे नेऊ. मध्य प्रदेशात सागर जिल्ह्यात एरण म्हणून गाव आहे. तिथल्या स्तंभावर बुधगुप्ताच्या काळचा लेख आहे. वर्ष 165, आषाढ शुद्ध द्वादशी, गुरुवार. हे 165 गुप्त संवताचं, यात वाद नव्हता. वाद होता तो या संवताचा आरंभ कधीचा याबद्दल. हा संवत शकानंतर 241 वर्षांनी सुरू झाला, म्हणजे इ.स. 319 च्या सुमारास, असं अल्बेरुनीनं लिहून ठेवलं होतं. पण त्याच जागी त्यानं हा संवत गुप्तांच्या नाशापासून मोजतात असंही सांगितलं, आणि त्या एका विधानानं कित्येक विद्वान फसले. संवत नाशाचा असेल तर राजे त्याच्या आधीचे, असं म्हणून गुप्तांचं सगळं राज्य तिसऱ्या-चौथ्या शतकाच्या मागे ढकललं गेलं. कनिंगहॅमसारख्या जाणत्या माणसानंही आरंभ इ.स. 166–67 असा धरला होता. दीडशे वर्षांचा फरक म्हणजे किरकोळ गोष्ट नव्हे. कालिदासापासून हूणांपर्यंत सगळी ओळ त्यानं हलते. मुंबई इलाख्यातले सनदी अधिकारी फ्लीट यांनी 1888 मध्ये गुप्तांचे लेख एकत्र करून प्रसिद्ध केले, तेव्हा त्यांतल्या तिथ्यांचं गणित दीक्षितांनी करून दिलं. एरणच्या 165 मध्ये 319 मिळवले की 484 येतात, आणि त्या वर्षीची आषाढ शुद्ध द्वादशी येते 21 जूनला, गुरुवारी. इथं एक बारकावा ध्यानात घ्या. तिथी शुद्ध पक्षातली आहे. अमान्त-पूर्णिमान्त हा भेद फक्त वद्य पक्षात महिन्याचं नाव बदलतो, शुद्ध पक्षात बदलत नाही. म्हणजे तुमच्या पर्यायांतला एक मुळातच गळतो आणि राहते ती वर्ष एकानं मागे-पुढे करण्याची मोकळीक.

तरीही एकटा गुरुवार पुरेसा नाही, हे पुन्हा कबूल करतो. त्याला जोड कशाची मिळाली ते पाहा. सोमनाथजवळ वेरावळला एक लेख आहे. होर्मुझच्या नुरुद्दीन फिरोज नावाच्या मुसलमान व्यापाऱ्यानं बांधलेल्या मशिदीला दिलेल्या देणगीचा, आणि लेख संस्कृतात. त्यात हिजरी 662, विक्रम 1320, वलभी 945 आणि सिंह 151 असे चार संवत एकाच दिवसासाठी दिले आहेत, शिवाय वार. तो दिवस निघतो 25 मे 1264, रविवार. वलभी संवत म्हणजे गुप्त संवतच. 1264 मधून 945 वजा केले की पुन्हा 319 उरतात, आणि इथं हिजरी सनाची बाजू हिंदू पंचांगाच्या आधाराशिवाय उभी आहे. मग मंदसोरचा रेशीम विणणाऱ्यांच्या श्रेणीचा लेख घ्या. मालव संवत, म्हणजेच विक्रम, 493, इ.स. 436 च्या आसपास, राज्य कुमारगुप्ताचं. 436 मधून 319 काढले तर 117 येतात, आणि कुमारगुप्ताचे गुप्त संवतातले लेख 96 पासून पुढचे आहेत. कनिंगहॅमच्या हिशेबानं हा राजा 436 च्या कितीतरी आधी मेलेला असायला हवा. एक वार, एक चार संवतांचा लेख आणि एक दुसऱ्याच संवतातला समकालीन उल्लेख. तिन्ही पुरावे तीन वेगळ्या जातीचे आहेत. एकच तिथी चार रीतींनी लावून पाहणं आणि तीन वेगळ्या गोष्टी एकाच आकड्याला येऊन मिळणं, यांत तुम्ही फरक करत नाही आहात.

पूर्वपक्ष : फरक करतो. म्हणूनच तुमच्या जोडपुराव्यातल्या सगळ्यात नाजूक जागेकडे वळतो. फ्लीटच्या ग्रंथाला दीक्षितांनी गुरूच्या बारा वर्षांच्या चक्रावर एक परिशिष्ट जोडलं. गुरू सूर्यतेजातून बाहेर पडून ज्या नक्षत्रात उगवतो त्यावरून त्या संवत्सराला महाचैत्र, महावैशाख अशी नावं पडतात, हे त्यांनी दाखवलं. खोह आणि मझगावच्या परिव्राजक महाराजांच्या ताम्रपटांत अशी नावं आहेत. गुप्त संवत 156 महावैशाख, 191 महाचैत्र, 209 महाआश्वयुज (आश्वयुज म्हणजे आश्विन). छान जुळतात. पण महाराज हस्तीचा 163 चा पट म्हणतो महाआश्वयुज, आणि तो जुळत नाही. तेव्हा तुमच्या पक्षानं काय केलं? लेखकाची चूक झाली, 173 वाचा, असं सुचवलं. जुळलं तर पुरावा आणि न जुळलं तर कोरणाऱ्याचा दोष. असं असेल तर हे गणित कधी हरणारच नाही.

उत्तरपक्ष : हा तुमचा सगळ्यात वजनदार आक्षेप आहे. सिद्धान्त वाचवायला मूळ लेखाचा आकडा बदलणं हे इतिहासातलं मोठं पाप आहे, आणि दुरुस्ती इथंही त्यासाठीच झाली असती तर मी तुमच्या बाजूला येऊन बसलो असतो. पण ही दुरुस्ती 319 ला वाचवते का? गुरूची एक फेरी सुमारे 11.86 वर्षांची. म्हणून आरंभ कुठलाही धरा, दोन पटांमधलं अंतर कळलं की नाव किती घरं सरकायला हवं ते कळतं. 156 पासून 191 पर्यंत 35 वर्षं. दोन फेऱ्या आणि वर सुमारे अकरा घरं. वैशाखापासून अकरा मोजले की चैत्र. 191 पासून 209 पर्यंत 18 वर्षं. एक फेरी आणि सहा घरं. चैत्रापासून सहा मोजले की आश्वयुज. हे तीन पट आपसांत जुळतात. 163 मात्र या तिघांशी कुठल्याच आरंभानं जुळत नाही. 319 धरा, 166 धरा, नाहीतर मनात येईल तो धरा. महावैशाखानंतर सात वर्षांनी आश्वयुज येऊच शकत नाही, सतरा वर्षांनी येतो. म्हणजे हा पट फ्लीट-दीक्षितांविरुद्ध साक्ष देत नाही, तो स्वतःच्याच भावंडांविरुद्ध देतो. 173 हे वाचन मी सिद्ध मानत नाही, ते सुचवणंच आहे. पण त्या सुचवण्याचा गुप्त संवताच्या आरंभाशी संबंध नाही. आणि असा घोळ पकडता येतो, हेच या पद्धतीच्या बाजूचं आहे. नुसत्या राजवंशाच्या यादीत दहा वर्षांची चूक शतकानुशतकं खपून गेली असती.

पूर्वपक्ष : बरं. पण आज चंद्राची हजारो वर्षांपूर्वीची जागा मिनिटांच्या अचूकतेनं काढता येते. मग दीक्षितांची कोष्टकं सूर्यसिद्धान्ताच्या चुकीच्या मानांवर कशाला? जुनं ते सोनं, हाच ना त्यामागचा भाव?

उत्तरपक्ष : उलट आहे. दीक्षितांचं वेगळेपण मला नेमकं इथं दिसतं. तिथी म्हणजे सूर्य-चंद्रातलं बारा अंशांचं अंतर. ती संपते कधी पहाटे, कधी दुपारी, आणि दिवसाला नाव मिळतं सूर्योदयाच्या तिथीचं. सिद्धान्तग्रंथांत चंद्राच्या गतीचे काही संस्कार नसल्यामुळे त्यांची तिथी खऱ्या तिथीपेक्षा काही तास पुढे-मागे होते. ती सूर्योदयाच्या अल्याड-पल्याड गेली की वार बदलतो. आता ताम्रपट लिहिणाऱ्यानं तिथी कुठून घेतली? आकाशातून नव्हे, जोश्याकडून. आणि जोश्यानं घेतली ग्रंथावरून. तेव्हा त्या दिवशी चंद्र खरोखर कुठे होता हे विचारून उपयोग नाही, तो कुठे आहे असं त्या गावच्या जोश्याला वाटत होतं हे विचारायला हवं. त्याची चूक जशीच्या तशी पुन्हा करता आली तरच त्याचा दिवस सापडतो. वलभीच्या चौथ्या धरसेनाचा खेडा इथला ताम्रपट घ्या. वर्ष 330, आणि महिना ‘दुसरा मार्गशीर्ष’. आजच्या पंचांगाच्या माणसाला विचारा, तो हसेल. मार्गशीर्षाच्या सुमारास सूर्याची गती जलद असते, दोन संक्रांतींमधला काळ चांद्रमासापेक्षा कमी भरतो, तिथं अधिक महिना पडतच नाही. अचूक गणितानं हा पट बनावट ठरेल. पण त्या काळी अधिक मास सूर्याच्या मध्यम गतीनं काढत, आणि मध्यम गती वर्षभर सारखीच असल्यामुळे तो कुठल्याही महिन्यात पडू शकतो. त्या रीतीनं पट इ.स. 648 मध्ये नीट बसतो. म्हणूनच ‘द इंडियन कॅलेंडर’मध्ये इ.स. 1100 पर्यंत मध्यम अधिक मासांचं वेगळं कोष्टक दिलं आहे. कुठल्या शतकात लोक कोणती चूक करत होते याची नोंद ठेवणारं असं दुसरं कोष्टक निदान त्या काळात तरी मला माहीत नाही. आणि ती नोंद करायची तर आधी शेकडो ग्रंथ वाचावे लागतात. मराठी ग्रंथात केलेलं तेच काम इंग्रजी ग्रंथाच्या खाली पायासारखं आहे. गंमत अशी की तो पाया मराठी न येणाऱ्यांना कित्येक दशकं दिसलाच नाही. हिंदी भाषांतर आलं 1957 मध्ये, इंग्रजीचा पहिला भाग 1969 मध्ये.

पूर्वपक्ष : आता त्यांच्याच शस्त्रानं त्यांना अडवतो. चूक जपायला सांगणारे हेच दीक्षित विसाजी रघुनाथ लेले आणि जनार्दन बाळाजी मोडक यांच्याबरोबर सायन पंचांग काढत होते. जुनी पंचांगं ऋतूंपासून सरकली, ती मोडून सूर्याशी पुन्हा बांधा असं लोकांना सांगत होते. आणि 1895 मध्ये ‘इंडियन अँटिक्वेरी’त त्यांनी शतपथ ब्राह्मणाचा काळ ठरवला. कृत्तिका पूर्व दिशेपासून ढळत नाहीत असं त्यात आहे; त्या विषुववृत्तावर होत्या इ.स. पूर्व 3000 च्या सुमारास. सबब ग्रंथ तेव्हाचा. टिळकांच्या 1893 च्या ‘ओरायन’च्या मानानं हे संयमी म्हणतात. पण इथं वार कुठे आहे? दुसरा संवत कुठे आहे? गुरू कुठे आहे? एका वाक्यावर तीन हजार वर्षं!

उत्तरपक्ष : इथं मी तुमच्याकडे सरकतो, पण सगळा नाही. आधी दीक्षितांच्या बाजूचं. त्या काळात कृत्तिकांची क्रांती, म्हणजे विषुववृत्तापासूनचं अंतर, दर 180 वर्षांना सुमारे एक अंशानं बदलत होती. नुसत्या डोळ्यांनी पाहणाऱ्याची तीन अंशांची चूक धरली तर दोन्ही बाजूंना साडेपाचशे वर्षांची ढिलाई मिळते. एवढी ढिलाई देऊनही हे निरीक्षण इ.स. पूर्व 800 चं करता येत नाही. तोवर कृत्तिका अकरा-बारा अंश उत्तरेला गेल्या होत्या, आणि यज्ञभूमी आखणाऱ्याला तेवढा फरक दिसतो. वाक्यात कोणाचं तरी खरं पाहणं असेल तर ते जुनंच आहे. पण ते पाहणं ग्रंथ रचणाऱ्याचं कशावरून? थीबोंसारख्या विद्वानांनी या सगळ्या पद्धतीवर त्याच काळात शंका घेतल्या होत्या. मला मात्र त्यांच्याहून मोठा आक्षेपक खुद्द दीक्षितांमध्येच दिसतो. सायन पंचांगाच्या वादात त्यांचा मुद्दा काय होता? मकरसंक्रांत 14-15 जानेवारीला, तिला आपण उत्तरायणाचा आरंभ म्हणतो, पण सूर्य उत्तरेकडे वळलेला असतो 21-22 डिसेंबरलाच. सूर्यसिद्धान्ताचं वर्ष ऋतूंच्या वर्षापेक्षा सुमारे 24 मिनिटांनी मोठं. हजार वर्षांत साडेसोळा दिवसांची घसरण. म्हणजे माणसं आकाशाबद्दलचं विधान शतकानुशतकं तोंडी बाळगतात, आकाश कधीच पुढे गेलेलं असतं. उद्या कोणी आपली संक्रांतीची पत्रकं वाचून, त्यांतल्या उत्तरायणावरून आपला काळ काढला, तर संक्रांत आणि खरं उत्तरायण यांतल्या सुमारे 24 अंशांच्या फरकाला दर अंशामागे 72 वर्षांनी गुणून तो आपल्याला सतराशे वर्षं मागे, तिसऱ्या शतकात नेऊन बसवील. शतपथाच्या वेळी मात्र दीक्षितांनी हा मुद्दा बाजूला ठेवला. वाक्याचा काळ तोच ग्रंथाचा काळ मानला. सुधारकाला जे ठाऊक होतं ते इतिहासकारानं विचारात घेतलं नाही. म्हणून माझं म्हणणं असं की त्यांच्या नकाशाचे दोन भाग वेगळ्या शाईनं छापावेत. तिथीला वाराखेरीज दुसरा संवत किंवा ग्रहण यांचीही जोड आहे तिथं नकाशा पक्का. जिथं एकच विधान आहे, तिथं तो त्या विधानाचं वय सांगतो, ग्रंथाचं नव्हे.

विसंगतीचा तुमचा आरोप मात्र मला पटत नाही. पूर्वजांनी कसं मोजलं हे जसंच्या तसं जपणं आणि आपण कसं मोजावं हे बदलणं, ही दोन कामं आहेत. जुन्या चुकांची इत्थंभूत यादी ज्यानं केली त्यालाच सुधारणेची निकड सगळ्यात आधी जाणवली, यात नवल नाही.

पूर्वपक्ष : निकड जाणवली, पण फळ काय? 1952 मध्ये मेघनाद साहांच्या अध्यक्षतेखाली पंचांग सुधारणा समिती बसली. नागपूरचे के. ल. दप्तरी आणि ‘केसरी’चे ज. स. करंदीकर तिच्यावर होते, दीक्षितांचा ग्रंथ पुढे इंग्रजीत नेणारे रा. वि. वैद्यही होते. 1955 मध्ये अहवाल आला आणि 22 मार्च 1957 ला राष्ट्रीय शक 1879 चा चैत्र 1 सुरू झाला, सायन मानाचा. सणांसाठी मात्र त्याच समितीनं 23 अंश 15 कलांचे अयनांश, म्हणजे ऋतूंच्या आणि नक्षत्रांच्या आरंभबिंदूंतलं अंतर, कायमचे धरून नक्षत्रांशी बांधलेल्या निरयन पंचांगाला वाट दिली. लोक आजही घरच्या पंचांगावर चालतात. त्यात टिळक पंचांग आणि बाकीची पंचांगं यांच्या अयनांशांत सुमारे चार अंशांचा फरक, म्हणून एखाद्या वर्षी अधिक मास वेगवेगळ्या ठिकाणी पडतो आणि दोन घरांची दिवाळी महिन्याच्या अंतरानं येते. सुधारकांनी गोंधळ कमी केला की त्यात भर घातली?

उत्तरपक्ष : भर घातली, हे खरं. सुधारणेच्या प्रत्येक प्रयत्नानं नवं पंचांग जन्माला आलं आणि जुनं मात्र मेलं नाही. म्हणून दीक्षितांचं काम 1900 पाशी संपत नाही, विसाव्या शतकासाठीही ते कोणीतरी करायला हवं. कोणत्या गावात, कोणत्या घराण्यात, कोणतं पंचांग चालत होतं याची नोंद आता तुम्हा इतिहासकारांनीच ठेवायची आहे. तुम्हाला आकडेमोड आवडत नाही, पण तुमच्याच दप्तरखान्यात अशी पत्रं निघतील, ज्यांवर नुसतं ‘आश्विन वद्य त्रयोदशी’ आणि शक एवढंच असेल. टिळक पंचांग धरलं तर एक महिना, दुसरं धरलं तर दुसरा. अशा दोन महिन्यांत अंतर 29 किंवा 30 दिवसांचं, म्हणजे वार एक-दोन घरं पुढे सरकलेला असणार. पत्र लिहिणाऱ्यानं मितीपुढे वार घातला असेल तर महिना कोणता ते ठरवता येईल. घातला नसेल तर त्या घरात कोणाचं पंचांग येत होतं, हे आधी शोधावं लागेल.